कपडेपटातून निर्मितीकडे: मधली वाट नेमकी कशी असते?

सुईदोरा
पाच-सहा चित्रपटांची वेशभूषा स्वतंत्रपणे केलेल्या माणसाला निर्मितीत शिरायचं असेल, तर त्याच्या हातातलं काय कामाला येतं आणि काय मुळापासून शिकावं लागतं? लाइन प्रोड्यूसरची (शूटिंगचा रोजचा खर्च आणि व्यवस्था सांभाळणाऱ्याची) पायरी चढावीच लागते का, की थेट एखाद्या कथेचे हक्क घेऊन सुरुवात केलेली बरी? 'ओळखी वाढवा' छाप सल्ले नकोत. कागद, आकडे, क्रम यांबद्दल लिहा. अशी कारकीर्द खरंच कुणाची झाली असेल तर तेही सांगा.

तिसरी_घंटा
उदाहरणं आधी, कारण अर्धं उत्तर त्यांतच आहे.

पॉली प्लॅट (१९३९–२०११) सुरुवातीला नाटकांचे कपडे करायच्या. चित्रपटात आल्यावर कपड्यांबरोबर नेपथ्यही अंगावर घेतलं. १९७१ च्या 'द लास्ट पिक्चर शो'चं प्रॉडक्शन डिझाइन (पडद्यावरच्या जागांचं एकूण रूप ठरवणं) त्यांचं, आणि १९८३ च्या 'टर्म्स ऑफ एंडिअरमेंट'साठी त्यांना कलादिग्दर्शनाचं ऑस्कर नामांकन होतं. निर्मितीच्या श्रेयनामावलीत त्या ठळकपणे दिसतात त्या पुढे: १९८७ च्या 'ब्रॉडकास्ट न्यूज'च्या कार्यकारी निर्मात्या, १९८९ च्या 'से एनिथिंग'च्या निर्मात्या. म्हणजे कपडे, मग पडद्यावर दिसणारं सगळं, मग पैसा आणि माणसं. खातं मोठं होत गेलं.

कॅथरीन मार्टिन यांचं उलट. त्यांनी कपडे सोडलेच नाहीत. 'द ग्रेट गॅट्सबी' (२०१३) मध्ये त्या निर्मात्याही होत्या आणि वेशभूषा व प्रॉडक्शन डिझाइन या दोन्हींची ऑस्करंही त्यांना मिळाली. 'एल्विस'साठी (२०२२) तर वेशभूषा, प्रॉडक्शन डिझाइन आणि निर्माती म्हणून सर्वोत्कृष्ट चित्रपट, अशी तिन्ही नामांकनं.

दोघींमध्ये सामाईक काय, तर एकाच दिग्दर्शकाबरोबर अनेक चित्रपट. एकेका चित्रपटापुरतं काम करून निघून जाणाऱ्याला निर्माता कसा विचार करतो ते दिसतच नाही. त्याला दिसतं ते फक्त आपल्या खात्याचं बजेट कापलं गेल्याचं.

उसवण
कामाला काय येतं? ब्रेकडाऊन. कपडेपटाइतका बारीक ब्रेकडाऊन दुसरं कुठलंच खातं करत नाही, फर्स्ट एडी (शेड्यूल आखणारा मुख्य सहायक दिग्दर्शक) सुद्धा नाही. कथेतले दिवस-रात्री क्रमाने मांडायचे, प्रत्येक पात्राच्या प्रत्येक बदलाला क्रमांक द्यायचा आणि शूटिंग उलटसुलट चाललं तरी सगळं जुळवायचं. निर्मात्याच्या शेड्यूलचं हे छोटं रूपच आहे.

एका शर्टावर दाखवतो. दृश्य ४१: नायक कोरड्या शर्टात घरातून निघतो. ४२: पावसात भिजतो. ४३: भोसकला जातो. ४४: दुसरी सकाळ, रक्त वाळलेलं.

४१ ला दोन शर्ट (एक अंगावर, एक राखीव). ४२ मध्ये प्रत्येक टेक कोरड्यापासून सुरू होतो, चार टेक धरले तर चार. ४३ मध्ये प्रत्येक टेकला शर्ट फाटतो आणि रंगतो, नटाचे तीन आणि स्टंट डबलचे दोन, म्हणजे पाच. ४४ ला वाळलेल्या रक्ताचे दोन. बेरीज १३.

पण ४२ आधी चित्रित झालं, तर भिजलेले चार शर्ट वाळवून, इस्त्री करून ४३ मध्ये फाडता येतात (डबलचं माप फार वेगळं नसेल तर). मग नऊ पुरतात. क्रम फिरला की पुन्हा १३. लहान पन्ह्याच्या कापडात पूर्ण बाह्यांच्या शर्टाला साधारण सव्वादोन मीटर लागतं, म्हणजे फरक नऊ मीटरचा. कापड एकाच लॉटचं लागतं. दुसऱ्या लॉटची छटा डोळ्याला दिसली नाही तरी कॅमेऱ्याला दिसते, म्हणून 'लागलं तर नंतर आणू' हा मार्गच नाही. क्रम पक्का नसेल तर १३ चं कापड घ्यायचं: २९ मीटर आणि वर थोडं, आटण्यासाठी पाच टक्के, रक्ताचा रंग करून बघायला एक मीटर. ३२ मीटर मागवा.

ज्याला हे तोंडपाठ आहे, त्याला 'शेड्यूल बदललं की खर्च बदलतो' हे शिकवावं लागत नाही. आता हाच हिशेब लोकेशन, गाडी, क्रेन, नटाच्या तारखा यांना लावायचा. पटकथेचं पान आठ भागांत मोजायला शिका (एडी 'सव्वा पान' न म्हणता 'एक आणि दोन-अष्टमांश' म्हणतो), आणि शेड्यूलच्या पट्ट्यांचे (प्रत्येक दृश्याची एक पट्टी) रंगही: दिवस-आत पांढरा, दिवस-बाहेर पिवळा, रात्र-आत निळा, रात्र-बाहेर हिरवा. हिरव्या पट्ट्या एकापाठोपाठ लागल्या की युनिट दमतं. शेवटच्या रात्री चुका होतात आणि त्या चुकांचं रीशूट सगळ्यात महाग पडतं.

दुसरी जमेची गोष्ट म्हणजे फिटिंगची खोली. नट मापं देताना दिग्दर्शकाला सांगत नाही ते सांगतो: भूमिका पटलेली नाही, वजन वाढलंय, तारखा दुसरीकडेही दिल्यात. ऐकून पोटात ठेवायची सवय निर्मात्याला सोन्यासारखी. फक्त एक बदलतं. कपडेपटात नटाला खूश ठेवायचं असतं, निर्मितीत त्याला 'नाही' म्हणायचं असतं. बहुतेकांना हे पहिल्या चित्रपटात जमत नाही.

खर्डेघाशी
उसवण यांचं पटलं, पण ती सगळी खर्चाची बाजू झाली. कपडेपटातून आलेला माणूस खर्चात सहसा चुकत नाही. तो करारात चुकतो, आणि पैसा कधी येणार यात चुकतो.

रोकड आधी. खात्याच्या प्रमुखाला मंजूर रकमेचा आकडा माहीत असतो, तो पैसा खात्यात कुठल्या आठवड्यात असेल हे नसतं. गुंतवणूकदार किंवा वितरक हप्त्यांनी देतात: करारावर सही, शूटिंगचा पहिला दिवस, रफ कट (पहिलं ढोबळ संकलन), आणि शेवटचा हप्ता डिलिव्हरीवर, म्हणजे तयार चित्रपट सगळ्या साहित्यासह वितरकाच्या हाती दिल्यावर. म्हणून बजेटशेजारी आठवडावार रोकड-तक्ता करा: एका ओळीत येणं, खाली देणं, तळाला शिल्लक. शिल्लक ज्या आठवड्यात उणे जाते, तिथे आत्ताच काहीतरी ठरवायचं. कपड्यांचा मोठा खर्च शूटिंगच्या आधी होतो, नटांचा शूटिंगमध्ये, आणि पोस्टला (शूटिंगनंतरच्या कामाला) पोचेपर्यंत पेटी रिकामी असते. अर्धवट राहिलेले कितीतरी चित्रपट डीआय (चित्राचे रंग पक्के करण्याचं काम) आणि साउंड मिक्सच्या दारात अडकलेले असतात, ते यामुळेच. अनपेक्षितासाठी १० टक्के वेगळे ठेवायचे आणि पहिल्या आठवड्यात त्यांना हात लावायचा नाही.

मग हक्क. मूळ लेखकापासून तुमच्या कंपनीपर्यंत प्रत्येक हस्तांतरणाचा सही केलेला कागद हवा: मूळ कथा, पटकथा, संवाद, आणि मधे सोडून गेलेला लेखक असेल तर त्याचाही. एक कडी तुटली की वितरकाचा वकील फाइल परत पाठवतो, आणि चित्रपट पूर्ण झाल्यावर तो लेखक सही करायला तुम्ही म्हणाल तो दर घेत नाही, तो म्हणेल तो घेतो. हक्क एकदम विकत घ्यायची ऐपत नसेल तर ऑप्शन घ्या. १२ ते १८ महिन्यांसाठी ते तुमच्याकडे राखीव राहतात, आणि मुदतवाढीची अट व रक्कम पहिल्याच करारात लिहायची. मुदत संपल्यावर वाढ मागणं म्हणजे नव्याने घासाघीस.

डिलिव्हरीची यादी शूटिंगच्या आधी मागून घ्या. त्यात संवाद वगळून संगीत-ध्वनीचा वेगळा ट्रॅक असतो. तो मिक्सच्या वेळीच काढला नाही तर डबिंगचे हक्क विकताना परत स्टुडिओ भाड्याने घ्यावा लागतो. तुमच्या जुन्या खात्याचाही एक कागद त्यात निघतो: टी-शर्टवरचं चित्र. ते कुणाची तरी कलाकृती असते, परवानगीचं पत्र नसेल तर विमा कंपनी हरकत घेते. साध्या कपड्यावर स्वतः छापून घेतलेलं बरं.

तिसरी_घंटा
लाइन प्रोड्यूसरच्या पायरीबद्दल: वेशभूषाकारापेक्षा कॉस्च्युम सुपरवायझरची खुर्ची निर्मितीच्या जवळची आहे. बिलं, माणसं, परतीचे कपडे, हरवल्याची भरपाई, सगळं त्याच्याकडे. तिथून प्रॉडक्शन मॅनेजर, मग लाइन प्रोड्यूसर, ही सरळ चढण.

खर्डेघाशी
सरळ आहे, पण वर पोचल्यावर दार बंद. उत्तम लाइन प्रोड्यूसरला कुणी निर्माता करत नाही, त्याची गरज तिथेच जास्त असते. शिकण्यापुरते एक-दोन चित्रपट करा आणि समांतर एक गोष्ट ऑप्शनवर ठेवा. त्याआधी १०–१५ मिनिटांचा लघुपट, तीन-चार दिवसांचं शूटिंग, पण कागदपत्रं पूर्ण लांबीच्या चित्रपटाची: करार, रोकड-तक्ता, डिलिव्हरी यादी, सगळं.

आणि मानधनाऐवजी 'सहयोगी निर्माता' असं श्रेय कुणी देऊ केलं तर आधी विचारा की त्या श्रेयाबरोबर कुठल्या कागदावर सहीचा अधिकार येतो. उत्तर 'कुठल्याच नाही' असेल, तर पैसेच मागा.

सुईदोरा
भरपूर मिळालं, आभार. एकच उपप्रश्न: स्वतःच्या पहिल्या निर्मितीत वेशभूषा स्वतःच केली तर मानधन वाचतं. करावी का?

उसवण
पहिल्या चित्रपटात नको. शूटिंगच्या सकाळी सहा वाजता निर्मात्याची गरज लोकेशनच्या फाटकाशी असते आणि वेशभूषाकाराची मेकअप व्हॅनमध्ये. मार्टिन दोन्ही करतात, पण त्यांच्या हाताखाली पूर्ण खातं असतं.

खर्डेघाशी
केलीच, तर बजेटमध्ये वेशभूषाकाराचं मानधन बाजारभावाने लिहा आणि स्वतःशी वेगळा करार करा. पैसे नंतर घ्यायचे असतील तर 'स्थगित' असं त्याच ओळीत लिहा. शून्य लिहिलं, की तिसऱ्या आठवड्यात तुम्हाला दुसरा माणूस आणावा लागेल आणि त्याचे पैसे त्या १० टक्क्यांतून जातील.