मॉडेलची खरी परीक्षा हिमयुगातच

हिमरेषा:
भविष्यातल्या हवामानाचे आकडे सांगणारं कोणतंही संगणकी मॉडेल आधी प्राचीन हवामानावर घासून पाहिल्याशिवाय वापरू नये, असं माझं ठाम मत आहे. आज हे ऐच्छिक आहे. मॉडेल बनवणारे काही गट ते करतात, बाकीचे सोडून देतात. ते सक्तीचं असावं.

कारण सांगते. थर्मामीटरच्या जागतिक नोंदी साधारण १८५० पासूनच्या. मॉडेल बनवणाऱ्या प्रत्येकाला तो आलेख तोंडपाठ आहे. ढगांचे, धूलिकणांचे जे गुणांक (सूत्रांत घालायचे आकडे) नेमके ठाऊक नसतात, ते ठरवताना हा आलेख डोळ्यांसमोर असतोच. म्हणून 'आमचं मॉडेल विसावं शतक बरोबर दाखवतं' या दाव्याला मी फार किंमत देत नाही. पेपर आधी बघून दिलेली परीक्षा आहे ती.

२१ हजार वर्षांपूर्वीचा, म्हणजे शेवटच्या हिमयुगाच्या ऐन भरातला पेपर वेगळा आहे. कॅनडावर आणि उत्तर युरोपावर बर्फाचे प्रचंड थर, समुद्र आजच्यापेक्षा सुमारे १२० मीटर खाली, हवेत कार्बन डायऑक्साइड १९० पीपीएम, म्हणजे दहा लाख भागांत १९० च्या आसपास (औद्योगिक क्रांतीपूर्वी २८०, आज ४२० च्या वर), आणि जगाचं सरासरी तापमान ५ ते ७ अंशांनी कमी. इथे रट्टा मारून भागत नाही.

अमेरिकेतलं सीईएसएम-२ हे नावाजलेलं मॉडेल घ्या. कार्बन डायऑक्साइड दुप्पट झाला तर पृथ्वी किती तापेल, याचं त्याचं उत्तर ५ अंशांच्या वर होतं. आयपीसीसी या संयुक्त राष्ट्रांच्या हवामान समितीच्या २०२१ च्या अहवालातला संभाव्य पल्ला २.५ ते ४ अंशांचा आहे. विसाव्या शतकाचा आलेख बऱ्यापैकी जुळत होता, त्यामुळे नुसता तो बघून दोष कळला नसता. त्याच मॉडेलला हिमयुग दिलं, तर पृथ्वी पुराव्यांपेक्षा कितीतरी जास्त गोठली. ५ कोटी वर्षांपूर्वीचा उष्ण इओसीन काळ दिला, तर उष्ण कटिबंधातली जमीन भाजून निघाली. शोध घेतल्यावर ढगांतल्या बर्फकणांची संख्या हाताळण्याच्या पद्धतीत खोट सापडली. एवढ्या बारीक जागी दडलेली चूक हिमयुगाने बाहेर काढली. म्हणून सक्ती हवी.

सांख्यिक:
परीक्षेची कल्पना चांगली आहे. पण परीक्षकाचीच तपासणी कोण करणार?

२१ हजार वर्षांपूर्वी कोणी थर्मामीटर लावून बसलेलं नव्हतं. आपल्याकडे आहेत त्या प्रॉक्सी, म्हणजे अप्रत्यक्ष खुणा. बर्फातल्या जड आणि हलक्या ऑक्सिजनचं प्रमाण, शिंपल्यांतलं मॅग्नेशियम, झाडांची वलयं. या खुणेपासून अंशांपर्यंत जायला जे सूत्र लागतं ते स्वतःच एक मॉडेल आहे. म्हणजे एका मॉडेलने दुसऱ्या मॉडेलचा पेपर तपासायचा.

ग्रीनलंडचं उदाहरण देतो. आजच्या बर्फावरून ऑक्सिजन आणि तापमानाचं जे नातं दिसतं तेच हिमयुगाला लावलं, तर तिथली थंडी एक ठरावीक येते. १९९० च्या दशकात शास्त्रज्ञांनी खोल छिद्रांत तापमापक सोडून बर्फाचंच तापमान मोजलं, कारण हिमयुगाचा गारठा आतल्या थरांत अजून मुरलेला आहे. उत्तर जवळजवळ दुप्पट आलं, २० अंशांहून अधिक फरक. हिमयुगात ग्रीनलंडवर हिवाळ्यात बर्फ फारसं पडत नसावं, त्यामुळे ऑक्सिजनची खूण मुख्यतः उन्हाळ्याचीच उरली. सूत्र आजच्यासाठी बरोबर होतं, तेव्हासाठी नव्हतं.

अशा वजनकाट्यावर तोलून मॉडेलला नापास करायचं, आणि तेही सक्तीने? मला हे घाईचं वाटतं.

शिंपला:
प्रॉक्सीचं काम मी स्वतः केलेलं आहे, म्हणून लिहितो.

समुद्रतळाचा गाळ येतो तो राखाडी चिखल. तो ६३ मायक्रॉनच्या चाळणीवर पाण्याने धुवायचा, उरलेलं वाळवायचं. हातात येते ती पांढुरकी वाळू. सूक्ष्मदर्शकाखाली तिचा प्रत्येक कण हे एक कवच असतं, फोरॅमिनिफेरा नावाच्या एकपेशीय जिवाचं. छिद्रांनी भरलेलं, फुगे एकमेकांना चिकटवल्यासारखं. काळ्या ताटलीवर ते पसरायचे आणि अगदी बारीक ब्रशचं टोक किंचित ओलं करून एकच जात वेचायची. श्वास जोरात सोडला तरी कवचं उडतात. एका नमुन्यासाठी तीस-चाळीस कवचं, आणि असे शेकडो नमुने. हे कवच बांधताना पाणी जितकं गरम, तितकं त्यात मॅग्नेशियम जास्त जातं. तो जीव मेला, बुडाला, गाळात पुरला गेला, तरी हिशेब त्याच्या भिंतीत राहतो.

सांख्यिक यांची शंका रास्त आहे. पण चुकलेला परीक्षक कसा सुधारतो तेही सांगायला हवं. १९७६ मध्ये क्लायमॅप प्रकल्पाने हिमयुगातल्या समुद्राचा पहिला मोठा नकाशा केला. गाळात कोणत्या जातींची कवचं किती, यावरून. त्यात उष्ण कटिबंधातले समुद्र जेमतेम थंड झालेले दिसले, प्रशांत महासागराचे काही भाग तर आजच्याहून उबदार. मॉडेलांना हे जमेना. १९८५ मध्ये दोन शास्त्रज्ञांनी दाखवून दिलं की उष्ण कटिबंधातल्या डोंगरांवर हिमरेषा, म्हणजे कायमचं बर्फ जिथून सुरू होतं ती उंची, तेव्हा जवळपास हजार मीटर खाली उतरली होती. समुद्र कोमट आणि त्याच्याच वरचे डोंगर गोठलेले, हे एकत्र बसत नाही.

मग बार्बाडोसच्या प्रवाळांनी ५ अंश थंडी सांगितली. ब्राझीलच्या जुन्या भूजलात विरघळलेल्या निष्क्रिय वायूंनीही जमिनीवर तेवढीच सांगितली. आज सगळे पुरावे एकत्र ठेवले तर उष्ण कटिबंधातल्या समुद्रांची थंडी या दोन टोकांच्या मध्ये येते. क्लायमॅप थोडा चुकला, प्रवाळही थोडे चुकले. जीवशास्त्र, रसायन आणि भौतिकी या तिन्हींच्या साक्षी एकमेकांवर अवलंबून नाहीत, म्हणून हे कळलं. एकट्या साक्षीदारावर मीही विश्वास ठेवणार नाही.

वाटसरू:
चर्चा ऐकून एक प्रश्न पडतो. हवामान माणसाच्या आधीपासून बदलत आलं आहे हे तुम्ही सगळेच मान्य करता. अंटार्क्टिकातल्या व्होस्टोक तळावर खोदून काढलेल्या बर्फात तर तापमान आधी वाढतं आणि कार्बन डायऑक्साइड साधारण ८०० वर्षांनी मागून येतो, असं निघालं होतं. मग कारण कोण आणि परिणाम कोण? यंगर ड्रायस हा हिमयुगाच्या अखेरचा थंडीचा काळ संपताना, सुमारे ११,७०० वर्षांपूर्वी, ग्रीनलंड काही दशकांत १० अंशांच्या आसपास तापलं, तेही कारखान्यांशिवाय. इतकी मोठी नैसर्गिक उलथापालथ होत असताना आजच्या दीड अंशाचं खापर एका वायूवर फोडणं पटत नाही.

हिमरेषा:
वाटसरू, प्रश्न प्रामाणिक आहे, सविस्तर उत्तर देते.

हिमयुगाचा शेवट कार्बन डायऑक्साइडने सुरू केला असं कोणी म्हणत नाही. पृथ्वीच्या कक्षेचा आकार, अक्षाचा कल आणि अक्षाचं भोवऱ्यासारखं डुलणं यांमुळे उत्तरेतल्या उन्हाळ्याचं ऊन कमीजास्त होतं. हा सर्बियन शास्त्रज्ञ मिलांकोविच यांचा हिशेब, आणि १९७६ मध्ये समुद्रगाळातून तो पक्का झाला. पण या डुलण्यामुळे एका गोलार्धाच्या उन्हाळ्यात ऊन वाढलं तर दुसऱ्याच्या उन्हाळ्यात ते कमी होतं. तरी दोन्ही गोलार्ध एकत्र तापले. नुसत्या कक्षेने ते होत नाही. समुद्रातून बाहेर पडलेल्या कार्बन डायऑक्साइडने ती ऊब जगभर पसरवली आणि वाढवली. २०१२ मध्ये जगभरच्या ८० नोंदी एकत्र केल्या तेव्हा अंटार्क्टिका वायूच्या आधी तापलेलं दिसलं, पण जगाची सरासरी बहुतांशी वायूच्या मागून.

आता ती ८०० वर्षं. तापमान कळतं बर्फावरून, वायू मात्र त्यात अडकलेल्या हवेच्या बुडबुड्यांवरून. पडलेलं बर्फ लगेच बंद होत नाही. ६० ते १०० मीटर खोल दबेपर्यंत त्याच्या भेगांतून हवा खेळत राहते. म्हणून बुडबुड्यातली हवा भोवतालच्या बर्फापेक्षा वयाने लहान असते, व्होस्टोकसारख्या कोरड्या जागी काही हजार वर्षांनी. हा फरक मोजण्यात थोडी चूक झाली की मागचं पुढे होतं. २०१३ मध्ये सुधारित मोजणी आली, त्यात अंटार्क्टिकाचं तापमान आणि वायू जवळपास बरोबरीने चढताना दिसले.

ग्रीनलंडची उडी खरी आहे, पण ती ग्रीनलंडची आहे. अटलांटिकमधलं उष्णतेचं अभिसरण बंद होऊन पुन्हा सुरू झालं की उत्तर तापते आणि दक्षिण निवते. ऊब इकडची तिकडे होते. आज दोन्हीकडे एकदम वाढते आहे. आणि हवामान एवढ्याशा धक्क्याने इतकं हलतं, हा आपण निश्चिंत राहण्याचा पुरावा कसा होईल? मला तर तो उलटा दिसतो.

वाटसरू:
बुडबुड्याच्या वयाचा मुद्दा मला माहीत नव्हता. ८०० वर्षांचा मुद्दा मागे घेतो. नैसर्गिक बदलाचा वाटा किती, याबद्दलचं माझं मत मात्र अजून बदललेलं नाही.

स्थापत्य:
मी पूल आणि बंधाऱ्यांच्या कामातला माणूस. जगाची सरासरी ३ अंश वाढेल की ४, हे कळून माझं काम होत नाही. मला लागतो तो एका खोऱ्यातला, एका दिवसात पडणारा जास्तीत जास्त पाऊस. नेमकं इथेच घोडं पेंड खातं.

हिमरेषा, तुम्ही सीईएसएम-२ ची गोष्ट सांगितली, मी सहाराची सांगतो. सुमारे ११ हजार ते ५ हजार वर्षांपूर्वी सहारा हिरवा होता. पृथ्वी तेव्हा उत्तरेच्या उन्हाळ्यात सूर्याच्या जवळ असायची, त्यामुळे आफ्रिकेचा मान्सून उत्तरेत खोलवर शिरायचा. चाड सरोवर तीन लाख चौरस किलोमीटरहून मोठं झालं होतं. आज जिथे वाळू आहे तिथे पाणघोडे आणि मगरी होत्या, आणि अल्जेरियातल्या तासिलीच्या खडकांवर माणसांनी गुरांचे कळप रंगवून ठेवले आहेत. मॉडेलांना हे ऊन दिलं की ती पाऊस उत्तरेकडे सरकवतात खरी, पण पुरेसा नाही. मॉडेलांच्या पिढ्यामागून पिढ्या झाल्या, त्यांचा पाऊस कमीच पडतो.

म्हणजे तुमच्याच परीक्षेत, पावसाच्या विषयात, सगळा वर्ग नापास आहे. सक्ती केली तर उद्या वापरायला एकही मॉडेल उरणार नाही. मग मी पुलाची उंची कशावरून ठरवू?

हिमरेषा:
मान्य आहे. सहारा हा आपल्या सगळ्यांचा दुखरा भाग आहे आणि मूळ लेखात मी तो टाळला, ते चुकलं.

पण नापास कुठल्या दिशेने, ते बघा. मॉडेलं बदल कमी दाखवतात. खरा मान्सून त्यांच्यापेक्षा जास्त हलला. याचा अर्थ तुम्ही पुलासाठी मॉडेलचा आकडा घेतलात तर तो वरची मर्यादा समजू नका. हे शिकवायलाही तीच परीक्षा लागली. आणि कारण थोडंफार उमगतं आहे. वाळवंटाच्या जागी गवत धरलं आणि हवेतली धूळ कमी केली की पाऊस बराच वाढतो, कारण हिरवी जमीन ऊन जास्त शोषते आणि ओलावा परत हवेत सोडते.

सांख्यिक:
थांबा. उत्तर ठाऊक असताना मॉडेलमध्ये गवत पेरायचं, धूळ पुसायची आणि मग पाऊस जुळला म्हणायचं, हे सुरुवातीला तुम्ही ज्याला नावं ठेवलीत त्याहून वेगळं कसं? विसाव्या शतकाचा पेपर फुटलेला होता, आता सहाराचाही फुटला. सीईएसएम-२ दुरुस्त झाल्यावर हिमयुगाचाही फुटलाच म्हणायचा. सक्ती केलीत तर प्रत्येक गट हिमयुग डोळ्यांपुढे ठेवूनच मॉडेल बांधेल आणि तुमची परीक्षा दहा वर्षांत निरुपयोगी होईल. माझा खरा विरोध इथे आहे. प्रॉक्सीच्या चुका शिंपला म्हणतात तशा हळूहळू निघतील. फुटलेला पेपर परत मिटवता येत नाही.

शिंपला:
हा मुद्दा या धाग्यातला सगळ्यात वजनदार आहे. उत्तर म्हणून घडलेली एक गोष्ट सांगतो.

व्होस्टोकच्या बर्फातून ४ लाख वर्षांची हवा मिळाली होती. अंटार्क्टिकातल्याच डोम सी इथल्या एपिका या युरोपीय प्रकल्पाचा गाभा, म्हणजे खोदून काढलेला बर्फाचा लांब दांडा, त्याहून मागे जाणार हे ठरलेलं होतं. तेव्हा, २००४ मध्ये, त्या प्रकल्पातल्या शास्त्रज्ञांनी जाहीर आव्हान दिलं: मोजणी प्रसिद्ध होण्याआधी, जुन्या काळातला कार्बन डायऑक्साइड किती असेल ते आपापल्या मॉडेलने वर्तवून दाखवा. आठ-दहा गटांनी वर्तवलं. नंतर आकडे आले, ताडून पाहिले गेले. पेपर फुटण्याचा प्रश्नच नव्हता, कारण उत्तर अजून कोणालाच माहीत नव्हतं.

तशी संधी पुन्हा आली. जानेवारी २०२५ मध्ये अंटार्क्टिकातल्या लिटल डोम सी इथे २,८०० मीटर खोदून खडकाला हात लागला. त्या गाभ्यात १२ लाख वर्षांचं बर्फ आहे. तळाकडे ते इतकं दबलेलं आहे की एका मीटरमध्ये १३ हजार वर्षांपर्यंतचा काळ मावतो. या पट्ट्यात एक जुनं कोडं आहे. दहा लाख वर्षांपूर्वीच्या आसपास हिमयुगांची लय बदलली, दर ४१ हजार वर्षांऐवजी ती साधारण लाख वर्षांची झाली. कक्षेच्या फेऱ्या मात्र पूर्वीसारख्याच चालू होत्या. हळूहळू घटलेल्या कार्बन डायऑक्साइडमुळे हे झालं की बर्फाखालची माती खरवडली जाऊन बर्फ खडकाला घट्ट धरून बसलं म्हणून, यावर दोन पक्ष आहेत.

सांख्यिक:
असं असेल तर माझी अट सोपी आहे. हिमयुगावर उत्तीर्ण होण्याची सक्ती नको, आधी लिहून देण्याची सक्ती करा. नव्या गाभ्यातून असो, नव्या गुहेतल्या लवणस्तंभातून असो, मोजणी बाहेर यायच्या आधी प्रत्येक गटाने आकडा आणि त्याचा पल्ला तारखेसह जाहीर करावा. चुकला तर चुकला, पण नंतर गुणांक फिरवून आमचं बरोबरच होतं म्हणता येऊ नये.

हिमरेषा:
यावर माझी सही. सक्ती हा शब्द ठेवते, फक्त त्याची जागा बदलते.

स्थापत्य:
त्या यादीत पाऊसही घाला. नुसतं तापमान लिहून द्याल तर मी पुन्हा इथेच वाद घालायला येईन.