मदत हवी आहे : वडिलांच्या पश्चात सांबराच्या शिंगांची नोंद कुठे करायची?

आमच्याकडे पणजोबांपासून शिकारीचा नाद. सावंतवाडीकडच्या रानात हाकारा घालून शिकार व्हायची, १९७२च्या वन्यजीव कायद्यानंतर ती बंद झाली. उरली ती फळीवर बसवलेली सांबराची शिंगं, सध्या गिरगावच्या घरात. शिंगांच्या मालकीचा दाखला वडिलांच्या नावे आहे. ते गेल्या महिन्यात वारले.

त्याच कायद्याच्या कलम ४० प्रमाणे वारसाने ९० दिवसांत मुख्य वन्यजीव रक्षकांकडे घोषणापत्र द्यायचं असतं, म्हणून घाई. ते बसतात नागपूरला. मूळ दाखला, मृत्यूचा दाखला, शिंगांचे फोटो तयार आहेत, बहीण ना-हरकत लिहून देईल. फोनवर चौकशी केली तर एकाने मुंबईत अर्ज द्या म्हटलं, दुसऱ्याने सावंतवाडीत, कारण दाखला तिथला.

बंदूक आजोबांनीच जमा केली होती, तो प्रश्न नाही. आणि विकायची नाहीत! विक्री बेकायदा आहे, तेव्हा ‘गिऱ्हाईक आहे’ असे मेसेज कृपया नकोत. आई सोडली तर ती भिंतीवर कुणालाच नको आहेत, खरं तर.

तर अर्ज वस्तू आहे तिथे द्यायचा, दाखला निघाला तिथे, की थेट नागपूरला? आणि आधी माझ्या नावावर न करता ती वनखात्याकडे जमा करता येतात का?