टाइल घासताना दुपट्टा पुरत नाही

भाऊ, बाथरूमच्या कापलेल्या टाइलची कड ग्राइंडरने घासताना तोंडाला दुपट्टा बांधला की झालं, असं तुम्ही तुमच्या पोस्टमध्ये लिहिलंय. कृपा करून तसं करू नका. आपल्या नागपुरात उन्हासाठी दुपट्टा उत्तम, पण टाइलच्या धुळीत सिलिका (वाळूत असतं ते कठीण खनिज) असते. तिचे ५ मायक्रॉनहून (मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग) बारीक कण कापडातून सहज आत जातात आणि फुफ्फुसात बसतात. त्याने होणारा फुफ्फुसाचा आजार, सिलिकोसिस, एकदा झाला की बरा होत नाही. चेहऱ्याला घट्ट बसणारा एन-९५ मास्क घ्या, डोळ्यांना सुरक्षा चष्माही लावा.

एवढ्याशा कडेला ग्राइंडर कशाला? हार्डवेअरच्या दुकानात डायमंड हँड पॅड (हिऱ्याची भुकटी लावलेला, हाताने घासायचा पॅड) मिळतो. टाइल ओली ठेवून आधी ६०, मग २०० ग्रिटने (आकडा जितका मोठा, पॅड तितका बारीक) हाताने घासा; धूळ जवळजवळ उडतच नाही. चकाकीकडून मागच्या बाजूला घासा, नाहीतर कडेचे टवके उडतात. वरचा ग्लेझ, म्हणजे चकाकीचा थर, मात्र घासू नका, तो परत येत नाही.

आणि ग्राइंडरच वापरणार असाल तर कूलर बंद ठेवा, मे महिना असला तरी. त्याच्या वाऱ्याने धूळ घरभर जाते. नंतर झाडू नको, ओल्या फडक्याने पुसा. घरात लहान मुलं असतील तर हे काम अंगणातच करा.