जकुझी म्हणजे नक्की काय?

प्रश्न: इथे वडोदऱ्यात मोठ्या टबलाही दुकानदार सर्रास ‘जकुझी’ म्हणतात. कोटेशनमध्ये काय लिहून घ्यावं?

उत्तर १: जकुझी हे मूळचं आडनाव. इटलीहून अमेरिकेत गेलेल्या या भावांची पंपांची कंपनी होती. १९५६ मध्ये कंपनीने टबात ठेवायचा पंप काढला, १९६८ मध्ये पाण्याचा झोत सोडणारी तोंडं, म्हणजे जेट, टबातच बसवले. आजही तो ट्रेडमार्क आहे, म्हणून ‘व्हर्लपूल टब’ लिहा. जेटची संख्या आणि पंपाचा एचपीही. बोलताना मात्र ‘ती जकुझी’ खुशाल म्हणा.

उत्तर २: ‘व्हर्लपूल’ म्हणजे भोवरा, पण टबात भोवरा वगैरे होत नाही हो! जेटच्या अरुंद तोंडातून पाणी वेगाने सुटतं, दाब घटतो, हवा आत ओढली जाते. तळाच्या बारीक भोकांतून नुसते बुडबुडे येत असतील तर तो एअर टब. त्यात हवा फुंकणारा ब्लोअर असतो.

उत्तर ३: पाणी जेटच्या वर चढल्याशिवाय पंप सुरू करू नका, सील जळतं. पंपापर्यंत हात पोचेल असं झाकण ठेवायला गवंड्याला आधीच सांगा. ३० मिलिअँपिअरचा आरसीसीबी (वीज गळताच पुरवठा तोडणारा स्विच) हवाच.