'लिंग', 'लिंगभाव', 'लैंगिक': कुठे कोणता शब्द?

प्रश्न

एका प्रशिक्षण-पुस्तिकेचं भाषांतर करते आहे. मूळ मजकुरात सेक्स, जेंडर, जेंडर आयडेंटिटी आणि जेंडर रोल हे चार शब्द पानोपानी येतात. जुन्या मराठी आवृत्तीत चारही ठिकाणी 'लिंग' आणि 'लैंगिक' आलटून पालटून वापरलेत. त्यामुळे एका प्रकरणाचं नाव चक्क 'मुलांच्या लैंगिक भूमिका' असं झालंय. 'लिंगभाव' हा शब्द माहीत आहे, पण सामान्य वाचकाला तो कळेल का? आणि ओळख वेगळी, भूमिका वेगळी हे मराठीत कसं दाखवायचं?

प्रतिसाद

ते प्रकरणाचं नाव आधी बदला! लिंगाशी संबंधित ते लैंगिक, हे व्याकरणाने बरोबर असलं तरी 'लैंगिक शिक्षण', 'लैंगिक अत्याचार', 'लैंगिक आजार' यांनी त्या शब्दाला शरीरसंबंधाकडे नेऊन ठेवलंय. तिथून तो आता परत येत नाही.

मी असं वापरतो: शरीराबद्दल बोलायचं असेल तर 'लिंग' (लिंगनिदान, लिंगगुणोत्तर), बाईपण-पुरुषपणाबद्दल बोलायचं असेल तर 'लिंगभाव', आणि कोणाविषयी ओढ वाटते ते सांगायचं असेल तर 'लैंगिक कल'. वर्तमानपत्रं या तिन्हींसाठी सर्रास 'लैंगिक ओळख' लिहितात. त्यातून वाचकाला काय समजत असेल देव जाणे.

प्रतिसाद

'लिंगभाव'बद्दल माझी शंका आहे. 'भाव' म्हटलं की भावना. म्हणजे आज वाटलं, उद्या नाही, असा अर्थ निघतो. लोक नेमका हाच आक्षेप घेतात की हे सगळं मनाचे खेळ आहेत. मग शब्दातच त्यांना कोलीत कशाला द्यायचं?

प्रतिसाद

इथला 'भाव' भावनेतला नाही. 'भू' म्हणजे होणं, असणं; त्यावरून भाव म्हणजे असलेपण. 'अभाव'मध्ये तोच आहे आणि 'स्वभाव'मध्येही तोच. स्वभाव रोज बदलतो असं कोणी म्हणत नाही. सामान्य वाचकासाठी पहिल्यांदा शब्द येईल तिथे एक वाक्य टाका: समाज बाई किंवा पुरुष म्हणून जे घडवतो आणि माणूस स्वतःला जे मानतो, ते सगळं मिळून लिंगभाव. पुढे वाचक बरोबर जुळवून घेतो. 'संगणक' तरी पहिल्या दिवशी कोणाला कळला होता?

प्रतिसाद

ओळख आणि भूमिका हे दोन शब्द जन्मालाही वेगवेगळे आलेत. 'जेंडर रोल' हा शब्दप्रयोग मानसशास्त्रज्ञ जॉन मनी यांनी १९५५ मध्ये वापरात आणला. 'जेंडर आयडेंटिटी' पुढे आला, १९६४ मध्ये, मनोविश्लेषक रॉबर्ट स्टोलर यांच्या लेखनातून. दोन्ही दवाखान्यातले शब्द. स्त्रीवादी अभ्यासकांनी ते १९७० च्या दशकात समाजाकडे वळवले.

'लिंगभाव ओळख' आणि 'लिंगभाव भूमिका' सरळ वापरा. फरक उदाहरणाने दाखवा. नोकरी सोडून घर आणि मुलं सांभाळणारा पुरुष घ्या. त्याने भूमिका मोडली, पण आपण पुरुष आहोत याबद्दल त्याच्या मनात तसूभरही शंका नाही. उलट, एखादी पारलिंगी स्त्री (म्हणजे जन्मनोंद मुलगा म्हणून झालेली, पण स्वतः स्त्री असलेली) नटण्यामुरडण्याच्या वाटेला न जाता मोटारी दुरुस्त करत असेल. तिची ओळख स्त्रीची, भूमिका पुरुषी समजली जाणारी. दोघांनाही समाज एकाच शब्दाने हिणवतो म्हणून दोघांची गोष्ट एक होत नाही.

भूमिका तर काळानुसार कूस बदलतात. १७ व्या शतकात युरोपातले सरदार उंच टाचांचे बूट घालून मिरवत. अमेरिकेतला एनिॲक हा संगणक १९४० च्या दशकात तयार झाला, तेव्हा त्याची प्रोग्रॅमिंगची पहिली तुकडी सहा बायकांची होती. ते काम तेव्हा कारकुनी समजलं जाई. त्याला मान आणि पैसा आला तसं ते 'पुरुषांचं' झालं.

प्रतिसाद

भूमिकांचं प्रकरण लिहिताना आपले रोजचे शब्दच समोर ठेवा, कोशात जायला नको. बाईला 'मर्दानी' म्हटलं की शाबासकी, पुरुषाला 'बायकी' म्हटलं की शिवी. 'बायल्या'ला उलट बाजूने तेवढा बोचरा शब्द सापडतो का पाहा. 'माणूस' एकटा आला की डोळ्यांपुढे पुरुष उभा राहतो. बाईसाठी 'बाईमाणूस' म्हणावं लागतं, आणि तेही बहुतेक वेळा 'बिचारं बाईमाणूस', म्हणजे नपुंसकलिंगात! 'कर्ता पुरुष' म्हणजे घर चालवणारा. 'कर्ती बाई' म्हटलं तर घरात खपणारी, हुशार, पण घर तिच्या नावाने ओळखलं जात नाही.

प्रतिसाद

या सगळ्याचं मूळ मराठीच्या तीन लिंगांत आहे असं नाही का? खुर्ची ती, टेबल ते, पंखा तो. भाषाच लिंगाशिवाय श्वास घेत नाही.

प्रतिसाद

हे मला पटत नाही. फारसी, तुर्की, बंगालीत 'तो' आणि 'ती'ला एकच सर्वनाम आहे. म्हणून तिथे बायकांच्या डोक्यावरचं ओझं हलकं झालं असं दिसत नाही. व्याकरणातलं लिंग ही शब्दांची वर्गवारी. पंख्यात पुरुषासारखं काय आहे?

पण अडचण खरी आहे, ती क्रियापदात. इंग्रजीत माणूस स्वतःबद्दल बोलताना लिंग उघड करत नाही. मराठीत 'मी जातो' की 'मी जाते' हे पहिल्याच वाक्यात ठरवावं लागतं. (कोल्हापूर-सांगलीकडच्या बायका बिनदिक्कत 'मी आलो, मी जातो' म्हणतात आणि त्यांच्या बाईपणाला काही धक्का लागत नाही, हेही आहेच.) ज्यांना दोन्ही रूपं नको असतात त्यांनी काय करायचं?

मराठीत वाटा आहेत, आपण त्या मोजत नाही. 'मी जाईन': भविष्यकाळात लिंग नाही. 'मला जायचंय', 'मला वाटतं', 'मी घरीच आहे': नाही. 'मी पत्र लिहिलं', 'मी गोष्ट ऐकली': इथे क्रियापद पत्राच्या आणि गोष्टीच्या मागे जातं, बोलणाऱ्याच्या नाही. तिसऱ्या व्यक्तीबद्दल 'त्यांनी', 'त्यांना', 'त्यांचं' ही रूपं तर स्त्री-पुरुष दोघांनाही चालतात, वर आदरही येतो. अडतं ते 'ते आले' की 'त्या आल्या' इथे. तिथे 'त्यांचं येणं झालं' असलं ओढूनताणून लिहू नका, कानाला सरकारी परिपत्रक वाटतं. स्वीडिश लोकांनी 'हेन' हे नवं सर्वनाम वापरात आणलं आणि २०१५ मध्ये ते स्वीडिश अकादमीच्या शब्दसूचीत गेलं. पण सर्वनामाबरोबर मराठीत क्रियापद आणि विशेषणही बदलतं, त्यामुळे एक शब्द आणून आपलं भागणार नाही.

आणि पारलिंगी व्यक्ती समोर असेल तर हे कोडं आपण सोडवायचंच नाही. 'तुमच्याबद्दल काय म्हणू, आले की आल्या?' एवढं विचारलं की झालं.

प्रतिसाद (मूळ प्रश्नकर्ती)

खूप उपयोग झाला. 'पारलिंगी' आणि 'तृतीयपंथी' एकच धरू का? आणि 'उभयलिंगी'?

प्रतिसाद

एक धरू नका. 'तृतीयपंथी'मध्ये 'पंथ' आहे: गुरू, चेले, परंपरा असलेला समुदाय. सरकारी कागदांत हा शब्द सरसकट वापरतात, पण अनेक पारलिंगी पुरुष आणि स्त्रिया स्वतःला तिसरं कोणी मानत नाहीत. त्या फक्त स्त्रिया आहेत, ते फक्त पुरुष आहेत. सर्वोच्च न्यायालयाच्या १५ एप्रिल २०१४ च्या निकालातही दोन्ही गोष्टी आहेत: तृतीय लिंगाला मान्यता, आणि पुरुष, स्त्री की तृतीय हे स्वतः ठरवण्याचा हक्क.

'उभयलिंगी' मात्र टाळाच. जीवशास्त्राच्या पुस्तकात गांडूळ उभयलिंगी असतं, आणि तोच शब्द दोन्हींकडे ओढ असलेल्या माणसांना लावतात. त्यांच्यासाठी 'द्वैलैंगिक' किंवा सरळ 'बायसेक्शुअल' लिहा. जन्मतः शरीराची लक्षणं ठरावीक दोन साच्यांत न बसणाऱ्यांसाठी 'आंतरलिंगी'.

आजारपणाची भाषाही तपासा. पुस्तिका जुनी असेल तर 'लिंगभाव ओळख विकार' असं काहीतरी नक्की असेल. जागतिक आरोग्य संघटनेच्या १ जानेवारी २०२२ पासून लागू झालेल्या वर्गीकरणात हा विषय मानसिक विकारांच्या प्रकरणात राहिलेला नाही.

प्रतिसाद (मूळ प्रश्नकर्ती)

'विकार' सापडला, पान ४१ वर. शेवटी एक नमुना अर्ज आहे, त्यात 'लिंग: पुरुष / स्त्री / इतर' असं आहे. 'इतर' खटकतं.

प्रतिसाद

खटकायलाच हवं, इतर म्हणजे उरलेसुरले. आधी पाहा की अर्जाला नक्की काय हवंय. वैद्यकीय कारणासाठी शरीराची माहिती हवी असेल तर 'जन्मनोंदीतील लिंग' विचारा. संबोधनासाठी हवं असेल तर 'लिंगभाव' लिहून पुढे मोकळी रेघ सोडा, ज्याचं तो भरेल. आणि दोन्हींसाठी नको असेल तर तो रकानाच उडवा.