बंदी आहे, पण कशावर?

कुणीतरी म्हटलंय, निवडणुकीत धर्माच्या नावाने मत मागायला कायद्यानेच बंदी आहे, मग वाद कसला? बंदी आहे खरी, १९५१च्या लोकप्रतिनिधित्व कायद्याचं कलम १२३. पण ती चालते कशी ते पाहा.

१९८७ची विलेपार्ल्याची विधानसभा पोटनिवडणूक. तिथे निवडून आलेल्या डॉ. रमेश प्रभूंची निवड धर्माच्या नावाने मतं मागितली म्हणून उच्च न्यायालयाने १९८९ मध्ये रद्द केली, सर्वोच्च न्यायालयाने त्यावर शिक्कामोर्तब केलं ११ डिसेंबर १९९५ला. तोवर विधानसभेच्या आणखी दोन निवडणुका उरकल्या होत्या! प्रभूंच्या प्रचारात भाषणं केलेल्या बाळासाहेब ठाकऱ्यांचा मताधिकार सहा वर्षांसाठी गेला, तोही आदेश निघाला १९९९ला.

गंमत म्हणजे प्रभूंचा निकाल लागला त्याच दिवशी, ११ डिसेंबर १९९५ला, सर्वोच्च न्यायालयात शिवसेनेच्या मनोहर जोशींची निवड मात्र वाचली. ‘पहिलं हिंदू राज्य महाराष्ट्रात येईल’ हे त्यांच्या भाषणातलं वाक्य म्हणे नुसती आशा, मतांची मागणी नव्हे. मला हा फरक तेव्हाही पटला नव्हता.

पुढे २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या सात न्यायाधीशांनी चार विरुद्ध तीन असा कौल दिला, की उमेदवाराचाच नव्हे, मतदाराचा धर्मही या बंदीत येतो. चार विरुद्ध तीन! म्हणजे खुद्द न्यायाधीशांतही एकमत नाही. आणि मारुतीपुढे नारळ फोडून प्रचाराला निघणारा उमेदवार? तो या कलमात कुठे बसवणार, सांगा.