परवा, तेरवा आणि म्हणे

सदाफुली
नणंदेने घरच्या ग्रुपवर टाकलं: 'परवा काकूंकडे सत्यनारायण'. क्रियापदाचा पत्ता नाही. निम्म्यांनी विचारलं 'किती वाजता यायचं?', निम्म्यांनी 'फोटो टाक की'. तेव्हापासून डोक्यात किडा वळवळतोय. मागच्याला 'काल', पुढच्याला 'उद्या' असे दोन स्वच्छ शब्द असताना त्यापलीकडच्या दिवसाला दोन्हीकडे एकच 'परवा' का? आणि 'तेरवा' अजून कोणी बोलतं का?

तळ्याकाठचा
संस्कृतात चारही वेगळे होते. ह्यः म्हणजे काल, श्वः म्हणजे उद्या, आणि त्यांच्या पलीकडे परह्यः, परश्वः. हिंदीने 'कल' आणि 'परसों' दोन्ही दुतोंडी करून टाकले. मराठी मधेच थांबली. एका दिवसापुरती दिशा सांगते, पुढे नुसतं अंतर मोजते. दिशा क्रियापदाने सांगायची, आणि तेच तुमच्या नणंदबाईंनी गाळलं.

पण क्रियापदाशिवायही भागतं बरं का. 'काल-परवा' म्हटलं की मागचं, 'उद्या-परवा' म्हटलं की पुढचं. शेजारी कोण बसलंय त्यावरून 'परवा'चं तोंड वळतं. आणि 'परवापरवापर्यंत शेंबडा होता, आता साहेब झालाय' यातला परवा तर दिवस मोजतच नाही. तो 'अलीकडेच' या अर्थाचा आणि कायम मागचाच. पुढच्या काळासाठी 'परवापरवा' म्हणून बघा, जीभ अडते.

जुनी वही
सदाफुलीताई, आमच्याकडे आजी 'तेरवा' सर्रास म्हणायची. परवाच्याही पलीकडचा दिवस, मागचा किंवा पुढचा. आता तो शब्द मागे पडतोय, आणि मला वाटतं त्याला 'तेरावा'शी असलेलं साम्य नडलं असावं. 'तेरव्याला या' असं आमंत्रण कोण देणार!

वर्षांचा हिशेब बघा, तो निराळाच आहे. यंदा, गुदस्ता, तिगस्ता. गुदस्ता फारसी 'गुजश्ता'वरून आला, म्हणजे सरलेलं. त्याच्या चालीवर 'तिगस्ता', गेल्याच्या आधीचं साल. जुन्या कागदांत 'सालगुदस्त' जागोजाग दिसतं. यंदा सोडला तर हे सगळे मागेच बघणारे. पुढच्या सालाला असा एकशब्दी जोडीदार नाही, 'पुढल्या वर्षी' म्हणूनच भागवायचं. माझा तर्क असा की शब्द दप्तरातून आला, आणि दप्तराला थकलेली बाकी बघायची असते.

मुंगूस
धागा जरा रुंद करतो. समोर नसलेल्या गोष्टीबद्दल बोलता येणं याला भाषाविज्ञानात 'डिस्प्लेसमेंट' म्हणतात. चार्ल्स हॉकेट यांनी १९६० साली मानवी भाषेची जी वैशिष्ट्यं मांडली, त्यांत हे एक. प्राण्यांमधलं गाजलेलं उदाहरण मधमाशीचं. कार्ल फॉन फ्रिश यांनी तिच्या नाचाचा अर्थ लावला, १९७३चं नोबेल त्यांना लोरेन्झ आणि टिनबर्गन यांच्यासोबत मिळालं. पोळ्यातल्या अंधारात, उभ्या फणीवर ती पोटाचा मागचा भाग हलवत सरळ रेषेत चालते. ती रेषा उभ्या दिशेशी जो कोन करते तोच कोन सूर्याच्या दिशेशी धरून उडायचं, आणि चाल जितकी लांबते तितकं अंतर जास्त. म्हणजे पोळ्यात नसलेल्या फुलाबद्दल बोलणं झालंच की. पण 'गुदस्ता इथे फुलोरा बरा होता' किंवा 'पाऊस पडला असता तर फुललं असतं' हे काही तिला नाचून सांगता येत नाही.

मला मात्र यापेक्षा 'म्हणे' जास्त रोचक वाटतो. 'तो काल आला' आणि 'तो काल आला म्हणे' यांत दिवस तोच, येणारा तोच. फरक एवढाच की दुसऱ्या वाक्यात मी तिथे नव्हतो. पाणिनीने यासाठी अख्खा लकार, म्हणजे क्रियापदाच्या रूपांचा वेगळा संच, ठेवलाय. 'परोक्षे लिट्', बोलणाऱ्याने न पाहिलेल्या भूतकाळासाठी. मराठीत ते काम या दोन अक्षरांवर भागतं.

तळ्याकाठचा
मुंगूसराव, थोडं थांबा. लिट् म्हणजे 'मी पाहिलं नाही' एवढंच. 'लोक सांगतात' हे सांगायला संस्कृतात 'किल' आहे. 'जघान कंसं किल वासुदेवः', म्हणजे 'वासुदेवाने कंसाला मारलं म्हणे', यात दोन्ही आहेत. आपला 'म्हणे' किलच्या घरातला.

महाभाष्यात, म्हणजे पाणिनीच्या सूत्रांवरच्या पतंजलीच्या ग्रंथात, यावर झकास चर्चा आहे. पहिला पेच: स्वतःबद्दल लिट् कसा येणार, आपण तर तिथे असतोच! उत्तर: झोपेत किंवा नशेत असताना. 'सुप्तोऽहं किल विललाप'. मराठीत सांगायचं तर 'मी झोपेत बडबडत होतो म्हणे'. तंतोतंत. 'मी काल जेवलो म्हणे' असं शुद्धीतला माणूस बोलणार नाही.

दुसरा पेच त्याहून भारी. शाकटायन नावाचे वैयाकरण रस्त्यावर बसलेले असताना समोरून गाड्यांचा तांडा गेला आणि त्यांना तो दिसलाच नाही. म्हणजे माणूस जागेवर, डोळे उघडे, तरी घटना परोक्षच. तिसरा मुद्दा उलटा. यवनाने, म्हणजे ग्रीकाने, साकेत नगराला वेढा घातला, बोलणाऱ्याने तो पाहिला नाही, पण घटना सर्वांना माहीत आणि त्याच्या हयातीतली, पाहणं शक्य होतं. तिथे लिट् नको, साध्या भूतकाळाचा लकार लङ् चालेल, 'अरुणद् यवनः साकेतम्'. पाहिलं की नाही यासोबत पाहता आलं असतं का, हेही ही मंडळी तपासत होती.

पावसाळी
'म्हणे' या रूपाचाच प्रवास बघण्यासारखा आहे. 'तुका म्हणे' यात तो वर्तमानकाळ, म्हणजे 'तुका म्हणतो'. जुन्या मराठीत करी, जाई, येई हे सगळे वर्तमानकाळाचेच. आज 'तो रोज पहाटे उठे, नदीवर जाई' म्हटलं की सरळ भूतकाळ, शाळेच्या व्याकरणात रीतिभूतकाळ. आधीचा 'आत्ता' सरकत सरकत 'तेव्हा'त जाऊन बसला.

याच्या उलटही होतं. हॉटेलात हाक मारली की पोऱ्या आतूनच ओरडतो, 'आलो साहेब!' आलेला नसतो, पाच मिनिटं येतही नाही. रूप भूतकाळाचं, अर्थ उद्याच्या जवळपासचा. घरातून निघणारा माणूस तर 'येतो' म्हणून जातो.

सदाफुली
माझा प्रश्न कुठल्या कुठे गेला, पण मजा येतेय. एक विचारते. सासूबाई 'म्हणे' वाक्याच्या सुरुवातीला टाकतात, 'म्हणे वेळ नाही!' तेव्हा तर ऐकीव माहिती नसते. मी तोंडावर बोललेलं असतं.

जुनी वही
तो टोमणा, ताई. शेवटी आला तर 'खरं-खोटं देव जाणे', सुरुवातीला आला तर 'खोटंच आहे, मला कळतंय'. वर्तमानपत्रात 'म्हणे' म्हणूनच चालत नसावा. तिथे 'मंत्रिमंडळाचा विस्तार लांबणार असल्याचे समजते' असं छापतात. कोणाला समजते, कोणी सांगितले, सगळं गुलदस्त्यात. बातमीदाराला ऐकीव सांगायचंय पण संशय दाखवायचा नाही. 'विस्तार लांबणार म्हणे' असं छापलं तर ते थेट पारावरचं होईल.

मुंगूस
आणि पारावर कोणी 'असल्याचे समजते' म्हणालं तर लोक चहा खाली ठेवून बघतील त्याच्याकडे.